गुडवुडचे अडीच मैल

गिल्डफर्ड जवळ आलं तसं मी भाच्याला म्हटलं, "जरा हळू घे रे."

"मामा, हा ए-थ्री आहे. इथं हळू घेतलं तर मागचा डिकीत येऊन बसेल."

त्याचं खरं होतं. लंडनहून पोर्ट्समथकडे जाणाऱ्या या रस्त्यावर सकाळी साडेनऊलाही ट्रकांची रांग लागली होती. मी उजवीकडच्या खिडकीतून पलीकडची, म्हणजे लंडनकडे जाणारी बाजू बघत होतो. बघण्यासारखं तिथं काही नव्हतं. लोखंडी कठडा, झाडी आणि झाडीमागं कुठल्याशा गोदामाचं छप्पर.

२२ जानेवारी १९५९ रोजी, पावसानं ओल्या झालेल्या याच बायपासवर माइक हॉथॉर्न गेला. शर्यतीत नव्हे, साध्या रस्त्यावर. ब्रिटनचा पहिला फॉर्म्युला वन विश्वविजेता होऊन त्याला तीन महिने झाले होते आणि त्यानं शर्यती सोडून दिल्या होत्या. वय २९. फार्नहॅममधल्या आपल्या गॅरेजातून तो जॅग्वार घेऊन लंडनला निघाला होता. वाटेत पुढं एक मर्सिडीज दिसली, आत रॉब वॉकर. ओळखीचा माणूस. दोघांची चुरस लागली. उतारावर जॅग्वार घसरली, समोरून येणाऱ्या ट्रकला घासून झाडावर आदळली. गाडी किती वेगात होती हे वॉकरनं चौकशीत सांगितलं नाही. आपण चुरस लावली होती, हेही त्यानं कबूल केलं ते बऱ्याच वर्षांनी.

हा वॉकर म्हणजे जॉनी वॉकर व्हिस्कीच्या घराण्यातला वारस. त्याची स्वतःची रेसिंगची टीम होती, गडद निळ्या गाड्या आणि नाकावर पांढरा पट्टा. त्या गाड्या चालवायचा स्टर्लिंग मॉस. हॉथॉर्नकडून एका गुणानं विश्वविजेतेपद हरलेला तोच. मी निघालो होतो मॉसच्या मागावर, पण वाटेत पहिली गाठ हॉथॉर्नशीच पडणार हे नकाशा बघतानाच लक्षात आलं होतं.

भाचा किंग्स्टनला राहतो. तिथून सर्बिटन दहा मिनिटांवर. आदल्या संध्याकाळी आम्ही पाय मोकळे करायला म्हणून तिकडे गेलो होतो. चार्ल्स कूपर आणि त्याचा मुलगा जॉन, या बापलेकांचं गॅरेज सर्बिटनमध्ये होतं. युद्ध संपल्यावर, १९४६ साली, या दोघांनी फियाटच्या छोट्या मोटारींचे पुढचे भाग घेतले, एक पुढं आणि एक उलटा मागं असे जोडले, त्यावर ५०० सीसीचं मोटरसायकलचं इंजिन बसवलं आणि मागच्या चाकांना साखळी दिली. इंजिन ड्रायव्हरच्या पाठीमागं ठेवण्यात कुठलाही थोर सिद्धांत नव्हता. साखळी तिथूनच सोयीची पडत होती, एवढंच. माझं लहानपण कोल्हापूरच्या उद्यमनगरात काकांच्या वर्कशॉपमध्ये गेलं. हाताशी पडलेल्या चार गोष्टी वेल्ड करून पाचवी उभी करणं म्हणजे काय, हे मला कुणी समजावून सांगायला नको. जगभरच्या फॉर्म्युला वन गाड्यांचं इंजिन पुढून मागं गेलं, त्याची सुरुवात अशा जुगाडातून झाली, हे काकांना सांगितलं असतं तर ते म्हणाले असते, "मग? नाहीतर कशातून होते?"

या कूपर गाड्यांचं एक सुरुवातीचं गिऱ्हाईक म्हणजे अठरा वर्षांचा स्टर्लिंग मॉस. बाप आल्फ्रेड मॉस दातांचा डॉक्टर, पण १९२४ साली अमेरिकेत इंडियानापोलिसची पाचशे मैलांची शर्यत पळून आलेला. आई आयलीन रॅलीत गाडी चालवायची. धाकटी बहीण पॅट आधी घोड्यांवरून उड्या मारण्यात आणि पुढं रॅलीत भावाइतकीच नावाजली. घरात घोडे, म्हणून घोडे न्यायची गाडी होती. तिच्यात कूपर मावत असे. मॉसची पहिली रेसिंग कार शर्यतींना जायची ती अशी, घोड्याच्या जागेवर उभी राहून.

गिल्डफर्ड मागं पडल्यावर मिलफर्डला आम्ही ए-थ्री सोडला. तिथून पेटवर्थपर्यंतचा रस्ता अरुंद, दोन्हीकडून झाडं वाकलेली, मधूनच एखादं विटांचं खेडं. पेटवर्थमध्ये तर रस्ता घरांच्या कोपऱ्यांना चुकवत कसाबसा बाहेर पडतो. पुढं डंक्टनचा चढ लागला. साउथ डाउन्स म्हणतात ते हे खडूचे डोंगर. डोंगर म्हणणं आपल्याला जड जाईल, आपल्याकडे याला टेकाड म्हणतील. पण माथ्यावर आलं की पलीकडे सगळा सखल मुलूख आणि त्याच्या कडेला समुद्राची राखाडी रेघ दिसते. त्या सखलात कुठंतरी चिचेस्टरच्या चर्चचा मनोरा आणि त्याच्या अलीकडे गुडवुड.

गुडवुड ही ड्यूक ऑफ रिचमंड यांची जहागीर. घोड्यांच्या शर्यती इथं १८०२ पासून होतात. मोटारींच्या आल्या त्या हिटलरमुळे असं म्हटलं तर चुकीचं होणार नाही. दुसऱ्या महायुद्धात जवळच्या टँगमियर विमानतळाला जोड म्हणून ड्यूकच्या शेतांवर वेस्टहँपनेट हा तळ झाला. धावपट्ट्या गवताच्याच. स्पिटफायर विमानं फिरवायला भोवतीनं कडेकडेनं जाणारा एक डांबरी रस्ता. युद्ध संपलं, विमानं गेली, रस्ता राहिला. टोनी गेझ नावाचा ऑस्ट्रेलियन वैमानिक इथून उडालेला होता, मोटारींचा नादिष्ट होता. त्यानं ड्यूकला विचारलं, या रस्त्यावर मोटारींची शर्यत कधी घेताय? नवव्या ड्यूकला, फ्रेडी मार्चला, वेगळं पटवायची गरज नव्हती. तो स्वतः १९३० च्या सुमाराला ब्रुकलँड्सवर शर्यती जिंकलेला होता. ते ब्रुकलँड्स आता उरलं नव्हतं. १९०७ साली मुद्दाम मोटारींच्या शर्यतींसाठी बांधलेला तो ट्रॅक युद्धात विमानांच्या कारखान्यानं गिळला, त्याचा उंच काँक्रीटचा बांध वाटेसाठी फोडला.

म्हणजे युद्ध जिंकलेल्या इंग्लंडजवळ मोटारी पळवायला जागा नव्हती आणि निकामी विमानतळ मात्र गावोगाव पडले होते. सिल्व्हरस्टोनही त्यातलंच. आपल्याकडे मद्रासजवळच्या शोलावरमला वर्षानुवर्षं शर्यती झाल्या, ती जागाही युद्धकाळातली धावपट्टीच. विमानतळाच्या पोटी मोटारींचे ट्रॅक जन्माला येणं हा युद्धानंतरच्या काळाचा रिवाज होता.

आम्ही पोचलो तो साधा बुधवार होता. सप्टेंबरात इथं रिव्हायव्हल नावाची जत्रा भरते, तेव्हा पाहुणेसुद्धा १९५०-६० च्या काळातले कपडे घालून येतात. तेव्हा आलो असतो तर गर्दी दिसली असती, जागा दिसली नसती. बुधवारी दिसली ती भलीमोठी हिरवळ, तिच्या कडेनं काळा रस्ता, एका बाजूला पांढरे पिट. एक छोटं विमान गवतावरून उठलं. उठताना ते चक्क उड्या मारत होतं. डग्लस बेडर याचा पुतळा आहे इथं. १९३१ च्या अपघातात दोन्ही पाय गेले तरी कृत्रिम पायांवर लढाऊ विमान चालवणारा हा माणूस ९ ऑगस्ट १९४१ ला इथूनच उडाला आणि फ्रान्समध्ये जर्मनांच्या हाती सापडला. कॉफी घेताना भाच्यानं विचारलं, "पण मामा, हा ट्रॅक एवढाच?"

एवढाच. अडीच मैल म्हणायचं, पण खरं तर त्याहूनही थोडा कमी, ३.८ किलोमीटर.

१८ सप्टेंबर १९४८ ला ड्यूकनं स्वतः ब्रिस्टल मोटारीतून फेरी मारून ट्रॅक सुरू केला. मॉस आदल्याच दिवशी १९ वर्षांचा झाला होता. पाचशे सीसीची शर्यत अवघ्या तीन फेऱ्यांची. घोड्याच्या गाडीतून आलेल्या कूपरनं ती सहज जिंकली. पेट्रोल रेशनवर होतं, तरी हजारो माणसं शेतातून चालत येऊन कडेला उभी राहिली होती. १९५२ च्या ईस्टर सोमवारी त्याच कडेनं हॉथॉर्न लोकांच्या नजरेत भरला. कूपर-ब्रिस्टल गाडीत त्यानं एका दिवसात दोन शर्यती जिंकल्या आणि तिसऱ्या, मोठ्या शर्यतीत दुसरा आला. गळ्यात बो टाय, डोक्यावर पिवळसर केस, सहा फुटांचा धिप्पाड. पुढच्या वर्षी तो फेरारीत बसला आणि फ्रान्समध्ये त्यानं त्या काळच्या दिग्गज फँजिओला हरवलं. त्याच्या पुढच्या वर्षी, १९५४ मध्ये, गुडवुडची शर्यत बघून परत जाताना त्याचे वडील लेस्ली रस्त्यावरच्या अपघातात गेले. ट्रॅकच्या आत माणसं कमी मेली नाहीत, पण या बापलेकांना मात्र घरच्या रस्त्यांनी नेलं.

मॉस आणि हॉथॉर्न, दोघांच्या वयात पाच महिन्यांचं अंतर. स्वभावात किती, ते सांगता येत नाही. हॉथॉर्न बिअर आणि मित्रांतला. मॉस रोजनिशी लिहिणारा, पैशापैशाचा हिशोब ठेवणारा, शर्यत हा धंदा आहे असं उघड म्हणणाऱ्यांतला पहिला. त्यानं आयुष्यात ५२९ शर्यती पळवल्या, २१२ जिंकल्या. हेलीबरी शाळेत मुलं त्याला ज्यू म्हणून छळत. हेलीबरीचं नाव वाचून मी थबकलो होतो. ईस्ट इंडिया कंपनीचे कलेक्टर तयार करायचं कॉलेज त्याच इमारतींत होतं. पुण्यात असिस्टंट कलेक्टर म्हणून आलेला, साताऱ्याचा रेसिडेंट झालेला आणि पुढं मुंबईचा कोट पाडणारा गव्हर्नर बार्टल फ्रियर तिथंच शिकला. साम्राज्य चालवायला शिकवणाऱ्या त्या भिंतींनी मॉसला काय शिकवलं असेल तर ते मारामारीला तयार राहणं. कारण आजोबांच्या काळीच घराण्याचं मोझेस हे नाव बदलून मॉस झालं होतं आणि पोरांना ते पुरत नव्हतं.

आम्ही पिटच्या समोरच्या स्टँडवर जाऊन बसलो. खाली कुणाची तरी खासगी सरावाची वेळ चालू होती. एक लहानशी लाल स्पोर्ट्स कार पुन्हा पुन्हा येत होती, आवाज बेताचा. इथं आता आवाजाला मर्यादा आहे.

५ सप्टेंबर १९५९ चा दिवस मात्र बेताचा नव्हता. टुरिस्ट ट्रॉफीची सहा तासांची शर्यत. ॲस्टन मार्टिन, फेरारी आणि पोर्श या तिघांत जगज्जेतेपद इथंच ठरणार होतं. मॉस आणि रॉय साल्वाडोरी यांची ॲस्टन पुढं होती. साल्वाडोरी पेट्रोल भरायला पिटमध्ये आला आणि सांडलेल्या पेट्रोलनं तापलेल्या नळीवर पेट घेतला. गाडी, पिट, सगळं पेटलं. साल्वाडोरी जळत्या कपड्यांनिशी उडी मारून गवतावर लोळला, म्हणून वाचला. पिट राखेला मिळाल्यावर कंपनीच्या दुसऱ्या गाडीनं यायचं कुठं? त्याच शर्यतीत ग्रॅहॅम व्हाइटहेड आपली खासगी ॲस्टन पळवत होता. त्यानं ती काढून घेतली आणि आपली पिटची जागा कंपनीला दिली. मॉसला दुसऱ्या ॲस्टनमध्ये बसवलं. ती शेल्बी आणि फेअरमन या जोडीची. मॉसनं ती पहिली आणली. ॲस्टन मार्टिन जगज्जेती झाली.

या गोष्टीतला माझा आवडता माणूस व्हाइटहेड आहे. त्याची शर्यत तिथंच संपली आणि तिची फारशी आठवण कुणाला नाही.

मॉसनंही असंच एक केलं होतं, आदल्या वर्षी, पण त्याची किंमत कितीतरी मोठी होती. २४ ऑगस्ट १९५८, पोर्तुगालमधलं पोर्तो शहर. मॉस पहिला, हॉथॉर्न दुसरा. पण शेवटी हॉथॉर्नची गाडी गिरकी घेऊन बंद पडली होती आणि ती चालू करायला त्यानं उताराचा फायदा घेत उलट्या दिशेनं ढकलली, अशी तक्रार झाली. ट्रॅकवर उलटं जाणं म्हणजे बाद. हॉथॉर्न बाद झाला असता तर त्याचे सात गुण जाणार होते. मॉस आपणहून पंचांपुढं गेला आणि म्हणाला, मी पाहिलं आहे, गाडी फूटपाथवर होती, ट्रॅकवर नव्हती. पंचांनी मानलं. वर्षअखेर मोरोक्कोत मॉस जिंकला, तरी हिशोब झाला हॉथॉर्न ४२, मॉस ४१. त्या वर्षात मॉसनं चार शर्यती जिंकल्या होत्या, हॉथॉर्ननं एक.

भाच्याला हे पटेना. "मामा, त्याला तिथं जायची गरज काय होती? कुणी बोलावलं होतं?"

"कुणी नाही."

"मग?"

मला वाटतं, मॉसला त्यात त्याग वगैरे काही दिसला नसावा. पाहिलं ते सांगितलं. त्याचा खरा हट्ट वेगळाच होता, आणि त्यावर माझं मत भाच्याच्या बाजूचं आहे. शक्यतो इंग्लिश गाडीत बसायचं आणि मोठ्या कारखान्यापेक्षा लहान खासगी टीमसाठी पळायचं, हा तो हट्ट. त्याची सर्वांत मोठी कामगिरी तर जर्मन गाडीतली. १ मे १९५५, इटलीतली मिले मिलिया, ब्रेशाहून रोमला जाऊन परत, हजार मैल, साध्या रस्त्यांवरून. मर्सिडीजवर आकडा ७२२, कारण सुटायची वेळ सकाळी ७ वाजून २२ मिनिटं. शेजारी दाढीवाला पत्रकार डेनिस जेंकिन्सन, हातात सगळ्या वळणांची नोंद केलेली कागदाची लांबलचक गुंडाळी. इंजिनाच्या आवाजात बोलणं शक्य नाही, म्हणून सगळ्या खुणा हातांनी. १० तास, ७ मिनिटं, ४८ सेकंद. दुसरा आलेला फँजिओ अर्ध्या तासाहून मागं. असा माणूस १९५५ ते १९५८ सलग चार वर्षं जगात दुसरा आणि नंतर सलग तीन वर्षं तिसरा आला. कारखान्याची बलाढ्य गाडी घेतली असती तर एकदा तरी पहिला आला असता, असं मानायला जागा आहे.

पण मग १९५८ चं अर्जेंटिना झालं नसतं. तिथं वॉकरची इवलीशी कूपर इंजिन मागं घेऊन फेरारींशी लढली. तिची चाकं चार बोल्टांवर बसवलेली. टायर बदलायचे तर काही मिनिटं गेली असती. मेकॅनिक नवे टायर घेऊन पिटमध्ये उभे राहिले, मॉस आता थांबणारच असा देखावा केला. मॉस थांबलाच नाही. झिजून आतलं कापड दिसायला लागलेल्या टायरांवर तो तीन सेकंदांहून कमी फरकानं जिंकला. मागं इंजिन असलेल्या गाडीचा जागतिक अजिंक्यपदाच्या शर्यतीतला तो पहिला विजय. सर्बिटनच्या साखळीची सोय इथवर येऊन पोचली होती.

दुपारी आम्ही ट्रंडलवर चढलो. ही गुडवुडच्या मागची टेकडी, २०६ मीटर. माथ्यावर लोहयुगातला किल्ला. किल्ला म्हटल्यावर पन्हाळा डोळ्यांपुढं आणू नये. तट नाही, बुरूज नाही, फक्त मातीचा एक गोल बांध आणि त्याला बिलगलेला खंदक, सगळ्यावर गवत. पण वारा मात्र तीन दरवाज्यावर असतो तसाच. एका बाजूला घोड्यांचं रेसकोर्स, दुसरीकडे चिचेस्टरचा मनोरा, त्यामागं समुद्र. आणि मध्ये, एखाद्यानं बोटानं रेघ ओढावी तसा मोटारींचा ट्रॅक. इथून तो अख्खा दिसतो. मॅजविक, फोर्डवॉटर, सेंट मेरीज, लॅव्हंट, वुडकोट. भाचा फोनवरचा नकाशा आणि खालचं वळण जुळवत राहिला.

सेंट मेरीज हे थोडं उतरत जाणारं वळण, उजवीकडून डावीकडे झोक खाणारं. २३ एप्रिल १९६२, ईस्टर सोमवार. मॉसच्या फिकट हिरव्या लोटसला गियरनं दगा दिला होता. पिटमध्ये वेळ गेला, काही फेऱ्या मागं पडला, जिंकायची आशा नव्हती. तरी तो सुसाट पळवत होता, कारण लोकांनी तिकीट काढलं होतं. हे त्याच्या धंद्याच्या हिशोबात बसणारं होतं. फोर्डवॉटरकडून येताना पुढं ग्रॅहॅम हिलची गाडी. त्याला बाहेरून ओलांडायला गेला, गवतावर गेला आणि थेट मातीच्या बांधावर. नळ्यांच्या सापळ्यात गुंतलेल्या माणसाला कापून काढायला अर्ध्या तासाहून अधिक वेळ लागला. महिनाभर तो शुद्धीवर नव्हता. शरीराची डावी बाजू सहा महिने लुळी होती. काय झालं होतं, ते त्याला शेवटपर्यंत आठवलं नाही.

दुसऱ्या वर्षी १ मेला, म्हणजे मिले मिलियाच्या तारखेलाच, तो पुन्हा इथं आला. ना प्रेक्षक, ना शर्यत. एक लोटस, आणि तो. काही फेऱ्या मारल्या. वेळ वाईट नव्हती. पण पूर्वी जे हात आपोआप करायचे, ते आता ठरवून करावं लागत होतं. ब्रेक कुठं लावायचा याचा विचार करावा लागत होता. तो गाडीतून उतरला आणि शर्यती सोडल्याचं जाहीर केलं. वय ३३. आपण घाई केली, अजून थोडं थांबायला हवं होतं, असं पुढं तो अनेकदा म्हणाला.

"मग परत कधी पळवलीच नाही?"

पळवली. जुन्या गाड्यांच्या शर्यतींत, हौसेनं, कितीतरी वर्षं. सर झाल्यावरही. २०११ मध्ये ले माँच्या सरावात ८१ व्या वर्षी त्याला स्वतःचीच भीती वाटली, त्या दिवशी तो दुसऱ्यांदा थांबला. १२ एप्रिल २०२० ला लंडनमधल्या घरी तो गेला.

खाली ती लाल गाडी अजूनही फिरत होती. वरून ती चालल्यासारखी वाटत होती. सेंट मेरीजपाशी दर वेळी तिचा वेग जरा मंदावे, मग ती पुढं जाई. भाच्यानं मनगटावरच्या घड्याळावर तीन-चार फेऱ्यांची वेळ घेतली आणि मग कंटाळून सोडून दिली.

परतताना मिलफर्डला पावसाची सर आली. ए-थ्रीवर लागलो तेव्हा अंधारून आलं होतं आणि सगळ्या गाड्यांनी लाइट लावले होते. सकाळी मी जी बाजू खिडकीतून बघत होतो, आता आम्ही तिच्यावरच होतो. भाच्यानं विचारलं, "मामा, झाड कुठलं?" आता तिथं ते झाड कुठून असणार? रस्ता रुंद झाला, वळणं बदलली. मी अंदाजानं डावीकडे बोट केलं. त्यानं वायपरचा वेग वाढवला आणि गाडी डावीकडच्या लेनमध्ये ट्रकांच्या मागं घेतली. किंग्स्टनपर्यंत ती तिथंच राहिली.